फ्रान्सिस्कन मँझनिटा: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सॅन फ्रान्सिस्कोच्या परिसरात मराठी माणसं भरपूर आहेत आणि दर हिवाळ्यात कुणाकडे तरी आई-बाबा, आत्या-काका आलेले असतात. त्यांना पूल दाखवून झाला की मी झाडं दाखवायला नेते. एका झुडपापाशी सगळेच थांबतात आणि तेच तेच प्रश्न विचारतात. ती उत्तरं एकदाची इथे लिहून ठेवते आहे.

मँझनिटा म्हणजे काय?

स्पॅनिशमध्ये ‘मँझाना’ म्हणजे सफरचंद, तर ‘मँझनिटा’ म्हणजे इवलंसं सफरचंद. फळं तशीच दिसतात, फक्त वाटाण्याएवढी. या वंशाचं शास्त्रीय नाव आर्क्टोस्टॅफिलॉस. ग्रीकमधून आलेल्या या नावाचा अर्थ ‘अस्वलाची द्राक्षं’. यातल्या बहुतेक जाती कॅलिफोर्नियातच आढळतात. उपजाती धरल्या तर संख्या शंभराच्या आसपास जाते. काही चांगली माणसाच्या दुप्पट उंचीची झाडं होतात, काही जमिनीला धरून पसरतात.

आपण बोलतोय ती आर्क्टोस्टॅफिलॉस फ्रान्सिस्काना. ती फक्त सॅन फ्रान्सिस्को शहरातली, जगात दुसरीकडे मूळची कुठेच नाही. उंची जेमतेम गुडघ्यापर्यंत, पण पसारा मोठा. पानं जाडसर, करवंदीच्या पानांची आठवण करून देणारी, वर्षभर हिरवी. खोड पाहिलं की हात लावावासा वाटतोच. पेरूची साल पापुद्रे सुटून जशी गुळगुळीत होते, तशीच हिचीही होते. रंग मात्र काताचा, तांबूस तपकिरी.

फुलं कशी असतात? कधी पाहायला यावं?

संक्रांतीच्या सुमाराला या. जानेवारीत पहिले घोस उघडतात आणि मार्च-एप्रिलपर्यंत बहर चालतो. आणि फूल म्हणजे हुबेहूब सुगड! तेच गोल पोट, तोच आवळलेला गळा, तीच बाहेर वळलेली कड. फक्त उलटं टांगलेलं, पांढरं, कडेला जरा गुलाबी, आणि लांबी अर्धा सेंटिमीटर, फार तर थोडी जास्त. माझ्या सासूबाईंनी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा त्या खाली वाकल्या आणि म्हणाल्या, “अगं, ववसायला ठेवल्यात कुणीतरी.” तेव्हापासून आमच्या घरात या झुडपाचं नाव सुगडी असंच आहे.

तोंड खाली असल्याने पावसाचं पाणी आत जात नाही. इथे पाऊस हिवाळ्यात पडतो, त्यामुळे ऐन पावसात फुलणाऱ्या झाडाला ही सोय हवीच. परागकण आतल्या परागकोशांत बंद असतात आणि कोशांना मिठाच्या डबीसारखी बारीक भोकं असतात. बंबल-बी, म्हणजे आपल्या भुंग्यासारखी गुबगुबीत केसाळ माशी, फुलाला लटकते, पंख न हलवता छातीचे स्नायू जोरात थरथरवते, आणि मग पराग तिच्या पोटावर सांडतात. टोमॅटोच्या आणि वांग्याच्या फुलांतही हाच प्रकार चालतो. घरच्या मधमाशीला ही थरथर जमत नाही. ती मध तेवढा घेऊन जाते.

समुद्रकाठच्या शहरातलं झुडूप, मग ते वाळूत उगवतं का?

नाही. ते वाळूतही नाही आणि खाडीच्या चिखलातही नाही. समुद्राच्या वाऱ्याच्या आणि धुक्याच्या टप्प्यातले उघडे खडक ही त्याची जागा. इथे मे ते सप्टेंबर पाऊस जवळजवळ नसतोच, पण दुपारनंतर समुद्रावरून धुकं आत सरकतं आणि टेकड्यांना वेढून टाकतं. त्या ओलाव्यावर ही वनस्पती उन्हाळा काढते.

खडकही साधा नाही. शहराच्या बऱ्याच टेकड्यांवर सर्पेंटाइन नावाचा हिरवट, सापाच्या अंगासारखा चकचकीत दगड आहे. त्याच्या मातीत मॅग्नेशियम भरपूर, कॅल्शियम कमी, वर निकेल आणि क्रोमियम. बहुतेक झाडांना ती विषासारखी. ज्यांनी तिच्याशी जुळवून घेतलं त्यांना मात्र तिथे गर्दीचा त्रास नाही.

माझं बालपण रत्नागिरीजवळ गेलं. आमच्याकडे सड्याला (जांभ्या दगडाच्या उघड्या पठाराला) सगळे ‘कातळ’ म्हणायचे, म्हणजे काही उपयोगाची नसलेली जमीन. पहिला पाऊस पडून गेला की त्याच कातळावर इंचभर मातीत अशी फुलं यायची, जी खालच्या भातशेतीत कधी दिसली नाहीत. सर्पेंटाइनच्या टेकडीवर पहिल्यांदा गेले तेव्हा मला सडाच आठवला. दगड वेगळा, हवामान वेगळं, झाडं वेगळी. पण सातबारावर ‘पोटखराबा’ लिहावं अशा जमिनीवरच दुर्मीळ वनस्पती टिकून राहतात, हे दोन्हीकडे सारखं. आणि अशा जमिनीवर बुलडोझर चालवताना कुणालाच वाईट वाटत नाही, हेही सारखं.

मग ती नाहीशी कशी झाली?

घरं बांधल्यामुळे. १८४९ च्या सोन्याच्या लाटेनंतर शहर टेकड्यांवर चढत गेलं. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला ही मँझनिटा मोजक्याच ठिकाणी उरली होती: लॉरेल हिलची दफनभूमी, मेसॉनिक दफनभूमी आणि माउंट डेव्हिडसन. कॅलिफोर्निया अकॅडमी ऑफ सायन्सेसमधल्या अॅलिस ईस्टवूड यांनी १९०५ साली तिला शास्त्रीय नाव दिलं. (या बाईंबद्दल एवढं सांगितल्याशिवाय पुढे जाववत नाही: १९०६ च्या भूकंपानंतर आग जवळ येत असताना त्या संस्थेच्या मोडलेल्या जिन्याच्या लोखंडी कठड्याला धरून वर चढल्या आणि सुमारे दीड हजार मूळ वनस्पती-नमुने दोरीने खाली सोडून वाचवले. त्यांचं स्वतःचं घर त्या आगीत गेलं.)

दफनभूमीने हे झुडूप का राखलं? आपल्याकडे देवराईने जी झाडं राखली तशीच. तिथे कुणी नांगर घातला नाही, कुणी इमला बांधला नाही. थडग्यांच्या मधल्या खडकांवर ते निवांत पसरलं. पण १९०० साली शहराने हद्दीत नवीन दफनाला बंदी केली. जमिनीचे भाव चढत गेले तसं जुन्या दफनभूम्याही हलवायचं ठरलं. लॉरेल हिलमधले सुमारे ३५ हजार मृतदेह दक्षिणेला कोल्मा गावात नेले गेले. मेलेल्यांना निदान दुसरी जागा मिळाली. १९४७ मध्ये टेकडी सपाट झाली आणि निसर्गातली शेवटची ज्ञात फ्रान्सिस्कन मँझनिटा तिच्याबरोबर संपली.

म्हणजे १९४७ ला पूर्ण नामशेष झाली?

निसर्गातून गेली, असं पुढची ६२ वर्षं धरलं गेलं. पण बर्कलीच्या टिल्डन पार्कमधली वनस्पती बाग सांभाळणारे जेम्स रूफ बुलडोझर यायच्या आधी लॉरेल हिलवर जाऊन काही झुडपं घेऊन आले होते. बागांमध्ये ती जगली. त्यांच्या फांद्या लावून लावून पुढे रोपं झाली.

परत सापडली कशी?

ऑक्टोबर २००९. डॅनियल ग्लूसेनकँप नावाचे परिसंस्था-अभ्यासक गाडीने गोल्डन गेट पुलावरून शहरात येत होते. पुलाकडून येणारा जुना डॉइल ड्राइव्ह रस्ता पाडून नवा बांधायचं काम तेव्हा सुरू होतं. त्या कामासाठी रस्त्यांच्या मधल्या एका तुकड्यावरची मोठी झाडं नुकतीच तोडली होती. त्या झाडांमागे इतकी वर्षं दडलेलं एक पसरट झुडूप उघडं पडलं होतं. भरधाव गाडीतून, क्षणभरच, पण त्यांना ते दिसलं. आणि दिसताच कळलं की हे नेहमीचं नाही.

जागा प्रेसिडिओमधली. ही १७७६ पासूनची लष्करी छावणी, आधी स्पेनची, मग मेक्सिकोची, मग अमेरिकेची. १९९४ पासून ती राष्ट्रीय उद्यानाचा भाग आहे. तिथल्या लोकांनी जाऊन पाहिलं. सॅन फ्रान्सिस्को स्टेट विद्यापीठातले मँझनिटाचे जाणकार टॉम पार्कर आणि माइक व्हेसी यांना दाखवलं. फ्रान्सिस्कन मँझनिटाच निघाली. चारी बाजूंनी रस्ते, रोज हजारो गाड्या, आणि मधे निसर्गात उरलेलं एकुलतं एक झुडूप. १९३७ मध्ये डॉइल ड्राइव्ह बांधताना माती उकरली गेली, तेव्हा खाली निजलेलं जुनं बी वर येऊन रुजलं असावं, असा एक अंदाज आहे.

मला या गोष्टीत राहून राहून एकच वाटतं. त्या रस्त्यावरून त्या आठवड्यात लाखो माणसं गेली असतील. मीसुद्धा गेले होते, दोनदा. त्यांतल्या एकालाच ते झुडूप ओळखता आलं. ते ओळखू आलं नसतं, तर पुढचा कायदा, पैसा, क्रेन, यांतलं काहीच झालं नसतं. ते झुडूप पालापाचोळ्याबरोबर डंपरमध्ये गेलं असतं आणि आपलं काय गेलं हेही कुणाला कळलं नसतं.

एवढं मोठं झुडूप हलवलं कसं?

रस्त्याचं काम थांबवता येण्यासारखं नव्हतं आणि वळवायलाही वाव नव्हता. मग आधी तयारी झाली. बिया गोळा केल्या, फांद्यांची कलमं घेतली, जमिनीला टेकून आपोआप मुळं धरलेल्या फांद्या वेगळ्या काढून निरनिराळ्या वनस्पती बागांत वाटल्या. झुडपाखालची मातीही उचलली, कारण तिच्यात जुनं बी असू शकतं आणि मँझनिटाच्या मुळांना लागणारी बुरशी तर असतेच. त्या बुरशीशिवाय हिची मुळं नीट अन्न घेऊ शकत नाहीत.

मग २३ जानेवारी २०१० रोजी मुळांभोवतालचा मातीचा गोळा न फोडता सगळं झुडूप क्रेनने उचललं. वजन सुमारे १० टन. ट्रकवर चढवून प्रेसिडिओतच एका सुरक्षित जागी नेऊन लावलं. जुनं झाड हलवलं की सहसा मान टाकतं, म्हणून पहिले काही महिने सगळ्यांचा जीव टांगणीला लागला होता. ते रुजलं. नवी पालवी आली, फुलं आली.

एका झुडपासाठी दोन लाख डॉलर! हे पटतं का तुम्हाला?

हा प्रश्न सगळ्यात जास्त वेळा येतो, आणि तो विचारणाऱ्यांचा मला राग येत नाही. गरजू माणसं दिसत असताना झुडपावर पैसा का, हे विचारणं रास्तच आहे.

माझं उत्तर असं. हा पैसा धर्मादाय निधीतून आला नाही. तो सुमारे एक अब्ज डॉलरच्या रस्त्याच्या कामाचा एक खर्च होता. रस्ता बांधताना वाटेत पाण्याची पाइपलाइन आली तर ती हलवण्याचा खर्च धरतातच, तसाच हा. शंभर रुपयांच्या कामात दोन पैसे. ज्या शहराने स्वतःच्या घरांसाठी या वनस्पतीची सगळी जागा घेतली, त्याने तिच्या शेवटच्या झुडपासाठी एवढं करणं मला वाजवीपेक्षा कमीच वाटतं.

पण ही तर नर्सरीत विकत मिळते. मग दुर्मीळ कशी?

हा आक्षेप तेव्हा वर्तमानपत्रांतही झाला होता आणि वरवर बिनतोड वाटतो. रूफ यांच्या बागेतल्या झुडपांपासून झालेली रोपं खरोखरच विकली जातात.

पण ती सगळी मोजक्या झुडपांच्या फांद्यांपासून केलेली कलमं आहेत. एकाच हापूसच्या झाडापासून बांधलेली हजार कलमं म्हणजे हजार ठिकाणी उभं असलेलं एकच झाड. त्याला जो रोग लागेल तो सगळ्यांनाच लागेल. त्यांची आपसांतली पैदासही वाणात नवी भर घालत नाही. शिवाय बागेत शेजारी दहा जातींच्या मँझनिटा असतात, आणि या जाती एकमेकींत सहज मिसळतात. बागेतल्या झुडपाचं बी पेरलं तर उगवेल ती मिश्र संतती असण्याचीच शक्यता जास्त.

२००९ चं झुडूप मोलाचं ठरलं ते यामुळे. ते कुणी लावलेलं नव्हतं, आपल्या जागी आपणहून उगवलं होतं आणि शहराचं वारं, धुकं, माती सोसून टिकलं होतं.

महाराष्ट्रातलं उदाहरण हवं असेल तर शिंदळमाकुडी घ्या. सह्याद्रीच्या कड्यांवरची ही छोटी मांसल वनस्पती, शिवनेरीच्या परिसरातली म्हणून नावाजलेली, जगात फक्त महाराष्ट्रात. कुंडीत तिची फांदी खोचली की सहज जगते. म्हणून तिला धोका नाही असं कुणी म्हणेल का? कड्यावरची शिंदळमाकुडी गेली तर कुंडीतली उरेल ती फक्त शोभेला.

एकाच झुडपापासून जात परत उभी राहू शकते?

एकट्यापासून नाही. मँझनिटाला बी धरायला सहसा दुसऱ्या, वेगळ्या वाणाच्या झुडपाचे पराग लागतात. म्हणून आता त्या झुडपाची कलमं आणि लॉरेल हिलहून आलेल्या जुन्या झुडपांची कलमं शेजारी शेजारी लावतात. माशांनी त्यांच्यात ये-जा करावी, खरं बी धरावं, असा तो खटाटोप आहे.

बी धरलं तरी उगवण्याची घाई नसते. कवच टणक असतं आणि निसर्गात वणवा येऊन गेल्यावर, राख-धुराच्या संपर्काने ते जागं होतं. ही जात जळाली तर बुंध्यातून पुन्हा फुटतही नाही. पुढची पिढी फक्त मातीतल्या बियांतूनच येते. शहराच्या मधोमध वणवा कोण लावू देणार? म्हणून रोपवाटिकेत बियांना कृत्रिम उपचार करून उगवावं लागतं. चिकाटीचं काम आहे. फळ दिसायला माणसाचं अख्खं आयुष्य लागेल, हे तिथे काम करणाऱ्यांनी धरलेलंच असतं.

रेव्हनची मँझनिटा ती हीच का?

नाही, ती वेगळी. पीटर रेव्हन पुढे मोठे वनस्पतिशास्त्रज्ञ झाले, पण १९५२ साली, शाळकरी वयात, त्यांना ती प्रेसिडिओतच सापडली. तिचंही निसर्गात एकच मूळ झुडूप आहे. १९७९ पासून तिला संरक्षण आहे.

कायद्याने हिला काय मिळालं?

२००९ च्या शेवटी संरक्षणाची मागणी झाली. सप्टेंबर २०१२ मध्ये केंद्र सरकारने ‘संकटग्रस्त’ म्हणून नोंद केली आणि २०१३ मध्ये प्रेसिडिओ व शहरातल्या काही टेकड्या मिळून सुमारे २३० एकर जागा तिचा अत्यावश्यक अधिवास म्हणून ठरवली. त्यातल्या बहुतेक जागेवर आज ही मँझनिटा नाही, पण ती तिथे परत येऊ शकेल.

आता सगळ्यात मोठा धोका कोणता?

बुटाला लागलेला चिखल. खरंच.

त्या चिखलातून फायटोफ्थोरा नावाचा बुरशीसारखा रोगजंतू येतो. हे नाव आपल्या शेतकऱ्यांना नवीन नाही. नागपूरकडे संत्र्याला डिंक्या आणतो तो हाच. कोकणात, गोव्यात पावसाळ्यात सुपारीची कोवळी फळं सडवून पाडणारा कोळेरोगही याच घराण्यातला. त्याच्या वेगवेगळ्या जाती आहेत, आणि त्यांतली फायटोफ्थोरा सिनॅमोमी ही मँझनिटाची मुळं कुजवते. पाण्याबरोबर आणि ओल्या मातीबरोबर पसरते. एकदा जमिनीत शिरली की काढता येत नाही. इथे सुपारीच्या शिंपुटावर करतो तशी बोर्डो मिश्रणाची फवारणी करून भागत नाही, कारण मामला मुळांचा आहे.

वाईट याचं वाटतं की हा रोग पुष्कळदा झाडं लावणाऱ्यांच्याच हातून जातो, रोपवाटिकेतल्या कुंडीतून. म्हणून आता चांगल्या रोपवाटिकांत कुंड्या जमिनीवर ठेवत नाहीत, मातीला वाफ देतात आणि आत शिरण्याआधी बुटांचे तळवे घासून त्यावर अल्कोहोल मारायला लावतात. पहिल्यांदा गेले तेव्हा मला देवळाबाहेर पाय धुतल्यासारखं वाटलं. आता सवय झाली आहे. गाडीच्या डिकीत एक घासणी आणि फवाऱ्याची बाटली कायम असते.

मूळ झुडूप पाहायला मिळेल का?

नाही. नवी जागा जाहीर केलेली नाही. फांद्या तोडणारे असतात, आणि प्रेमाने पाहायला येणारेही पायांनी रोग आणतात. मीही ते पाहिलेलं नाही आणि विचारतही नाही. टिल्डन पार्कच्या वनस्पती बागेत लॉरेल हिलच्या वंशातली झुडपं आहेत, पाटीसकट. तिथे जा.

घरी लावावी का?

बे एरियात राहत असाल तर मँझनिटा जरूर लावा, पण संकटग्रस्त जातींच्या राखीव जागांजवळ राहत असाल तर आधी चौकशी करा, कारण तुमच्या झुडपाचे पराग तिकडे जातात. आणि उन्हाळ्यात पाणी घालू नका. मी घातलं होतं. जून महिना, कोरडी माती पाहून जीव राहवेना, म्हणून रोज संध्याकाळी तांब्याभर. ऑगस्टमध्ये पानं करडी पडली आणि उपटून पाहिलं तर मुळं काळी. कोकणातल्या माणसाला जूनमध्ये झाड तहानलेलं ठेवणं जड जातं, पण या झाडाला उन्हाळ्यातली गरम ओली माती सोसत नाही.

भारतात जाताना बी किंवा फांदी नेली तर?

अजिबात नको. परवान्याशिवाय रोपं आणि बियाणं नेणं बेकायदा आहेच. ती आपल्या पावसात तगायचीही नाही, आणि तिच्या मातीबरोबर काय जाईल ते वर सांगितलंच.

मुलांना घेऊन गेलो तर काय दाखवू?

फेब्रुवारीतली ऊन पडलेली सकाळ निवडा, दहानंतरची. थंडीत बंबल-बी उशिरा निघते. मुलांना झुडपापासून हातभर अंतरावर उकिडवं बसवा आणि गप्प राहायला सांगा. आधी उडण्याची साधी गुणगुण येईल. मग माशी फुलाला लटकेल आणि आवाज एकदम चढेल, बारीक, तीक्ष्ण, सतारीची तार पिळावी तसा, सेकंदभरच. तो आवाज म्हणजे पराग सांडल्याची खूण. आमच्या धाकट्याने एका सकाळी असे ४१ आवाज मोजले आणि मग भूक लागली म्हणून उठला.